रांजणमाळाची धार

८ नोव्हेंबर २००१, गुरुवार

काल काय झालं, क्रमाने:

१. घरच्या यंत्राचा आकडा पाहिला, तक्त्याशी जुळवला. हातातली घड्याळं घरी ठेवली. माळाजवळ ती चुकतात, म्हणून तो नियमच आहे.

२. रांजणमाळाच्या कडेला पोचलो. आबा, आदेश, मी. मेंढरं तेवीस.

३. पेटी आदेशच्या हातात. तक्ता माझ्या हातात.

४. तक्त्याप्रमाणे वेळ झाली. काळाची धार बावीस मिनिटं मंद राहणार होती. मेंढरं घेऊन माळ ओलांडायला अठरा लागतात.

५. आदेश म्हणाला, "काटा जरा डावीकडे वाटतोय." मी म्हणाले, "जरा म्हणजे किती? आकडा सांग." त्याने आकडा सांगितला नाही.

६. आबा आत गेले. त्यांच्यामागे आठ मेंढरं.

७. मी हाक मारली. आबा चाळीस पावलांवर थांबले.

८. थांबले नाहीत. चालताहेत. आमच्या बाजूने तसं दिसत नाही, एवढंच.

९. उजवा पाय उचललेला आहे.

९ नोव्हेंबर

पाय तसाच.

११ नोव्हेंबर, रविवार

घोडेगावला जाऊन आले. हवालदार आमच्या गावचे पाहुणेच निघाले. पेन उघडून बसले, मग बंद केलं. "बाई, तुम्ही म्हणता माणूस दिसतोय. मग हरवला कसा लिहू?" मी म्हणाले, अडकला लिहा. "कशात?" काळात, मी म्हणाले. त्यांनी चहा मागवला. वाईट माणूस नाही. रागावता आलं असतं तर बरं झालं असतं.

परतीच्या एसटीत मागच्या सीटवर दोघी बोलत होत्या. "त्या बहिरूची पोर. शिकली आन् बापालाच पुतळा करून बसली."

पुतळा नाही. एक पाऊल टाकायला त्यांना आमचा सुमारे एक महिना लागतो. दुर्बिणीतून टाच मोजली: चार दिवसांत दोन बोटं खाली आली आहे.

१४ नोव्हेंबर. लक्ष्मीपूजन

आईने पणत्या लावल्या नाहीत. भाकरी बांधून माळावर गेली. रोज जाते. कडेला बसते, संध्याकाळी भाकरी परत आणते आणि मेंढरांना घालते.

म्होरकीला, कळपाच्या पुढे चालणाऱ्या मेंढीला, सोडून बाकी कळपाने खाल्ली. म्होरकी खात नाही.

२१ नोव्हेंबर

इथे नीट लिहून ठेवते, कारण आता सगळेच आपापली गोष्ट सांगायला लागलेत.

रांजणमाळावर काळ सरळ वाहत नाही, हे आमच्या घरात मी जन्मायच्या आधीपासून माहीत आहे. पाऊस संपला की एकदा आणि पाऊस लागायच्या आधी एकदा, थोडा वेळ धार मंदावते, आतला आणि बाहेरचा काळ जुळतो. तेवढ्यात मेंढरं पलीकडच्या चराईला न्यायची, तेवढ्यातच आणायची. मी अकरा वर्षांची असताना चार मेंढ्या उशीर होऊन आत राहिल्या. दोन कधीच आल्या नाहीत. दोन सहा महिन्यांनी आल्या. अंगावर कातरणीच्या रेघा कालच्यासारख्या ताज्या, आणि घरच्या कळपाची लोकर दोन बोटं वाढलेली. आबांनी मला बोलावून हात लावायला लावला. "बघ पुष्पे. ह्यांच्यासाठी आजून कातरणीचाच दिस हाय."

मी पुण्याला जाऊन इन्स्ट्रुमेंटेशनचा डिप्लोमा केला तो त्या रेघांमुळे. हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

यंत्र दोन भागांचं. घरी एक: क्रिस्टल, आकड्यांची पट्टी, मोटरसायकलची बॅटरी. एक एप्रिलला सकाळी सहाला, रेडिओच्या ठोक्यावर, शून्यापासून सुरू केलं. तेव्हापासून ते फक्त सेकंद मोजतं आणि वायरलेसने ठोके पाठवतं. माळावरची वेळही त्या ठोक्यांवरूनच धरायची. दुसरं म्हणजे पेटी. ती हातात घेऊन फिरायचं. ती स्वतःचे ठोके आणि घरचे ठोके ताडून बघते. जुळले तर काटा मधे. बाहेरचा काळ आपल्याला सोडून पळायला लागला की काटा डावीकडे. काटा जुन्या अॅम्पिअर मीटरचा आहे. जुन्नरच्या भंगारातून मी आणला. माझ्यासोबत यंत्रावर काम करणाऱ्या आदेशने नाही.

धार कधी मंदावेल याचा तक्ता आबांच्या आठवणींवर केला. तीस वर्षांतले माळ ओलांडायचे दिवस त्यांनी तोंडपाठ सांगितले. कुणाचं लग्न, कुठली जत्रा, कुणाची म्हैस व्याली. मी त्याच्या तारखा केल्या. दोन वर्षं स्वतः मोजून बघितलं, दोन मिनिटांच्यावर फरक आला नाही.

म्हणूनच मी म्हणते, तक्ता चुकला नाही. काटा वाचणारा चुकला. डावीकडे किती, हे त्याने सांगायला हवं होतं.

२ डिसेंबर, रविवार

हिशेब झाला. पुढची मंद वेळ ६ मे, सोमवार.

सात नोव्हेंबरला पेटीने स्वतः टिपलेले, मी उतरवून ठेवलेले आकडे बघितले: कडेला काटा थोडासाच डावीकडे. चाळीस पावलांवर आबा जवळजवळ थांबलेले, म्हणजे तिथे तो पूर्ण डावीकडे धरायचा. तक्त्याप्रमाणे ती मंद वेळेची सुरुवात होती. म्हणजे धार आमच्या कडेकडून मंदावत आत जाते. कडेला मंदावली होती, आत अजून नाही. मंदावते ज्या क्रमाने, मिटते, म्हणजे वाट बंद होते, त्याच क्रमाने. म्हणजे आमची बाजू आधी मिटणार.

म्हणून ६ मेला आबा चालू लागले की त्यांना एकच सांगायचं: "चला." मागे फिरलात तर कडेवर अडकाल. पुढे जा.

चुकलं तर पुढची संधी नाही. माळाच्या मध्यात अडकलेलं परत येत नाही. त्या दोन मेंढ्या तिथेच आहेत. स्वच्छ उजेडात ठिपके दिसतात.

१८ डिसेंबर. चतुर्थी

आदेशने लेण्याद्रीला बोलावलं होतं. त्यांच्या घरचे दर चतुर्थीला येतात. आई-वडील पुढे गेले, तो मागे राहिला. पायऱ्यांवर माकडं एका बाईची पिशवी ओढत होती. आम्ही दोघं तिकडे बघत बोललो. सोपं गेलं.

"पुण्यात एका संस्थेत नकाशा दाखवलाय. लोक हादरलेत."

कुठला नकाशा, मी विचारलं.

"आपला." मग पिशवीतून काढून दाखवला. निळ्या शाईने रेखाटलेला, छान. धारेच्या रेषा, बाण, सगळं माझ्या आलेखाच्या कागदावरून. खाली कोपऱ्यात: रेखाटन व संशोधन – आदेश भगवंत. त्याखाली बारीक: सहाय्य – कु. पुष्पा.

तो म्हणाला, "अगं, सुरुवातीला एकच नाव लागतं. नंतर बघू."

"आणि आबा?"

"त्यांचं नाव कुठे टाकू?"

"मी नावाचं विचारत नव्हते."

त्याने नकाशा पुन्हा पिशवीत ठेवला. पेटी त्याच्याकडेच आहे, पुण्यात. "दाखवायला लागते ना." दोन वर्षांपूर्वी याच पायऱ्यांवर याच्या वडिलांनी माझ्या देखत म्हटलं होतं, "पोरगी हुशार आहे राव. पण घर मेंढरांचं." तेव्हाही आदेश माकडांकडेच बघत होता.

उतरताना पायऱ्या मोजल्या. तो मोजत नव्हता.

३० डिसेंबर

लोक यायला लागलेत. गावातल्या सरूबाईने कुणाला तरी सांगितलं की बहिरू देवाला उभा राहिला. आज कुणीतरी भंडारा उधळला. हळद कडेपलीकडे गेली आणि हवेतच राहिली. आबांच्या डाव्या खांद्यापासून हातभर अंतरावर पिवळा ढग. मेंढरांच्या खुरांचा धुरळाही आहे तसाच. दोन्ही एकदमच खाली बसतील, मेमध्ये.

म्हातारे भागू काका काठी टेकून माझ्याजवळ आले. "पोरी, तुझा बा काय खातो?" काही नाही, मी म्हणाले. "आन् भूक?" त्यांना सकाळची न्याहारी करून तासही झालेला नाही, काका. ते हसले, खूप वेळ. "लई भारी हाय गड्या. मलाबी सोड आत, म्हातारी रोज शिव्या घालती."

मीही हसले. दोन महिन्यांत पहिल्यांदा. मग राग आला.

१४ जानेवारी २००२. संक्रांत

आबांची मान वळतेय. आधी वाटलं, भास. आज मोजली. कानाची पाळी दिसत होती, ती आता गालामागे जातेय.

ते मागे बघताहेत. माझी हाक ऐकून.

२७ जानेवारी

क्रमांक सहा अपुरा आहे. ८ नोव्हेंबरला मी लिहिलं, "आबा आत गेले." असं झालं नव्हतं.

म्होरकी कडेला आली आणि उभी राहिली. आबांची रीत अशी की म्होरकी उभी राहिली की आपण उभं राहायचं. माळावर तीस वर्षं त्यांनी दुसरं काही पाहिलं नाही. ना घड्याळ, ना सूर्य. ते उभे राहिले. तिच्या पाठीवर हात ठेवला. माझ्याकडे बघून म्हणाले, "न्हाई म्हणतीया ही."

मी म्हणाले, "आबा, बावीसच मिनिटं आहेत. चला."

"पुष्पे, काटा काय म्हंतो?"

"तक्ता बरोबर आहे. चला."

त्यांनी म्होरकीच्या पाठीवरचा हात काढला. मेंढरं मागे यावीत म्हणून स्वतः पुढे झाले. म्होरकी हलली नाही. मी हाक मारली ती त्यानंतर.

हे क्रमांक सहा.

१२ मार्च. महाशिवरात्र

चेहरा पूर्ण दिसतो आता. भीती नाही. "काय गं?" असं विचारायच्या बेतातला चेहरा. ओठ अजून उघडले नाहीत.

मला उत्तर द्यायला आठ आठवडे आहेत. त्यांना एक-दीड सेकंद.

२० मार्च

आदेशला तीनदा फोन. एसटीडी बूथवाला आता विचारत नाही, आपोआप नंबर लावतो. एकदा त्याच्या बायकोने घेतला. आरती. मला लग्नाचं माहीत नव्हतं. "ते मीटिंगमध्ये आहेत. कोण बोलतंय सांगू?" सहाय्यक, म्हणाले.

२८ मार्च, गुरुवार. होळी

आज आईशी भांडण झालं. मी भांडले, ती पुरण वाटत होती.

ती म्हणाली, मे-बे मला कळत नाही. उद्या मी आत जाते, त्यांच्यापाशी उभी राहते. "दोघं असलो म्हंजी बरं. एकटं माणूस किती दिस उभं राहणार."

"आई, त्यांच्यासाठी ते दोन-तीन सेकंद आहेत."

"तुझ्या शेकंदाला काय जातंय. माझं पाच म्हैने झालं."

मी म्हणाले, तू आत गेलीस तर मी दोघांना कशी काढू, यंत्र एकच, हात दोनच. आवाज चढला माझा. मग ती म्हणाली, हात न थांबवता, "मी काय कमी केलं तुझ्या यंत्राचं? दसऱ्याला कोयत्याच्या आदी त्याची पूजा केली. हळद लावली, फूल वाहिलं. तरी त्यानं असं केलं."

मी विचारलं, पूजा कशी केलीस.

"कशी म्हंजी? बंद करून. चालत्या यंत्राला कुणी हळद लावतं का? चक्कीवाला बी बंद ठेवतो, मोटर बी बंद ठेवत्यात. वरचा खटका खाली केला. निवद दावला, जरा इसावा दिला त्याला, मग खटका वर केला. आकडे व्हते तिथनंच पुढं चालले. काय बिघडलं न्हाई."

काय बिघडलं नाही.

"किती वेळ, आई?"

"पोळ्या व्हायच्या व्हत्या. तेवढा."

मी ओट्याजवळ बसले. तिने माझ्यापुढे पुरणाचा गोळा ठेवला, लहानपणी ठेवायची तसा.

तिला मी यंत्राला हात लावू नको म्हणून सांगितलं होतं. थांबवू नको म्हणून कधीच सांगितलं नाही. आणि पूजेच्या हाताला आमच्याकडे हात लावणं म्हणत नाहीत. त्या दिवशी मी जुन्नरला वर्कशॉपमध्ये होते. तिथेही सगळं बंद होतं. लेथला झेंडूची माळ मीच घातली.

२९ मार्च

पहाटे उठून रेडिओच्या ठोक्याशी घरचं यंत्र ताडलं. वर्षभरात हे एकदाही केलं नव्हतं. गरज नाही, असं मीच ठरवलं होतं.

२,८३२ सेकंद कमी. सत्तेचाळीस मिनिटं, बारा सेकंद.

दुपार

पुन्हा मांडलं. तीनदा.

सात नोव्हेंबरला आम्ही मंद वेळेच्या सुरुवातीला नव्हतो. बावीस मिनिटं केव्हाच होऊन गेली होती. धार मिटली होती, कडेला तिचा शेवटचा मंदपणा तेवढा उरला होता. कडेला काटा थोडासा डावीकडे, आत पूर्ण: आकडे तेच. अर्थ उलटा. धार आतून मिटत कडेकडे येते. कडा सर्वांत शेवटी.

पुढे गेलेलं मध्यात अडकतं. मागे फिरलेलं बाहेर येतं. परत आलेल्या त्या दोन मेंढ्यांबद्दल आबा म्हणाले होते, "त्या बुजल्या, म्हागं वळल्या, म्हणून वाचल्या." मी ते गोष्ट म्हणून ऐकलं. आकडा नव्हता ना त्यात.

मी ६ मेला "चला" म्हणणार होते. ते गेले असते. माझ्या शब्दावर ते जातात.

आदेशने काटा बरोबर वाचला होता. "जरा डावीकडे." त्याच्यावर दुसऱ्या कशाचा राग धरायचा तो धरीन. याचा नाही.

३० मार्च

आईला सांगितलं नाही, सांगणार नाही. फक्त एवढंच म्हणाले, "आई, सहा मेपर्यंत आत जाऊ नको. मला कडेला तू लागशील. म्होरकीला धरायला."

"धरायला कशाला? ती सांगंल तसं करायचं."

हो, म्हणाले.

३१ मार्च २००२, रविवार

उद्या सकाळी टपालात टाकायचं पत्र. नक्कल इथे.

आदेश,

नकाशावरचे सगळे बाण उलटे आहेत. दसऱ्याला घरचं यंत्र सत्तेचाळीस मिनिटं बंद राहिलं होतं. कुणी बंद केलं ते विचारू नकोस. नोंद माझी, चूक माझी. त्या दिवशी तू बरोबर सांगितलंस, मी ऐकलं नाही. नकाशा पुढे कुणाला दाखवण्याआधी दुरुस्त कर. नाव तुझंच राहू दे.

६ मे, सोमवारी आबांना "परत" म्हणायचं आहे, आणि ते एकदाच म्हणता येईल. तक्ता माझ्याकडे आहे, काटा तुझ्याकडे. पेटी घेऊन ये. येणार नसशील तर पेटी जुन्नरच्या एसटीने पाठव, मी स्टँडवरून घेईन. आलास तर आकडा सांगू नकोस. नुसतं "थांब" म्हण, मी थांबेन.

१५ एप्रिलपर्यंत कळव.

पुष्पा